नोकरी संपते तिथेच डोळ्यांचा विमा संपतो

मा. संपादक,

स. न. वि. वि.

नोकरीतल्या गटविम्याचे नूतनीकरण जवळ आले की शिरोली-गोकुळ शिरगावच्या कारखान्यांपासून शहरातल्या बँका-पतसंस्थांपर्यंत एक प्रश्न हमखास विचारला जातो, "यात चष्मा बसतो का?" बहुतेक ठिकाणी 'नाही' असे उत्तर मिळते आणि विषय तिथेच मिटतो. चष्मा हा दोन-तीन वर्षांतून एकदा येणारा, आधी कळणारा खर्च आहे. मोतीबिंदू, मधुमेहामुळे डोळ्याच्या पडद्याला आलेली सूज, ग्राइंडरचा कण उडून झालेली इजा हे घराचे महिन्याचे गणित मोडणारे खर्च. विमा घ्यायचा तो यांच्यासाठी, आणि नेमका हाच भाग गाफीलपणात हातातून निसटतो.

आधी एक घोळ दूर केलेला बरा. मुले अमेरिकेत असलेल्या घरांत 'व्हिजन प्लॅन' हा शब्द कानावर पडलेला असतो. तिकडे व्हीएसपी, आयमेड यांसारख्या कंपन्या डोळ्यांसाठी वेगळी योजना देतात. नोकरीतून घेतली तर हप्ता पगारातून कापतात, स्वतंत्रपणेही घेता येते. ठरावीक शुल्कात वर्षातून एक तपासणी, फ्रेमसाठी ठरावीक रक्कम, भिंगांवर सवलत असा तो मामला. मोतीबिंदूची शस्त्रक्रिया मात्र तिथेही आरोग्यविम्यातूनच होते. आपल्याकडे असा फक्त डोळ्यांचा विमा रुळलेला नाही. जे मिळते ते आरोग्यविमा, ईएसआय (कामगारांचा राज्य विमा), अपघातविमा आणि सरकारी योजना यांच्या कलमांत विखुरलेले आहे. ते शोधून काढावे लागते, आणि ज्यांना वाचायला चष्मा लागतो त्यांच्याच पॉलिसीचा छाप सगळ्यात बारीक असतो!

गटविम्याचा मोठा फायदा म्हणजे प्रतीक्षा काळ बहुधा माफ केलेला असतो. वैयक्तिक पॉलिसीत मोतीबिंदूसाठी साधारण २४ महिने थांबावे लागते. चांगल्या गटविम्यात पहिल्या दिवसापासून शस्त्रक्रिया चालते. तरी ओळखपत्रावर पाच लाख छापले आहेत म्हणून मोतीबिंदूला पाच लाख मिळत नाहीत. प्रत्येक डोळ्याला वेगळी उपमर्यादा असते आणि ती कार्डावर नसते, पॉलिसीच्या परिशिष्टात असते. एचआर विभागाकडून ते परिशिष्टच मागून घ्यावे. त्यात चार गोष्टी पाहाव्यात : प्रति डोळा मर्यादा किती, आई-वडिलांच्या दाव्यात आपल्याला किती टक्के भरावे लागतात, डोळ्यातली इंजेक्शने धरली आहेत का, आणि नोकरी सुटल्यावर संरक्षण कोणत्या तारखेला थांबते.

चौथा मुद्दा सगळ्यात महाग पडतो. गटविम्याचे संरक्षण साधारणपणे नोकरीबरोबरच संपते. ५८ किंवा ६० व्या वर्षी निवृत्ती, आणि मोतीबिंदू काढायची वेळ बहुतेकांवर येते ती त्याच्याच आसपास किंवा नंतर. म्हणजे तीस वर्षे विमा होता, गरज पडली तेव्हा नाही. मग घाईने पॉलिसी घेतली तर दोन वर्षांची प्रतीक्षा सुरू होते. पूर्वी ६५ नंतर नवी पॉलिसी मिळणे अवघड होते. ती वयोमर्यादा २०२४ पासून नियमातून गेली असली तरी साठीनंतर हप्ता चढतो आणि वैद्यकीय तपासण्या वाढतात.

यावर दोन वाटा आहेत. निवृत्तीच्या किमान दोन महिने आधी त्याच विमा कंपनीकडे गटविम्यातून वैयक्तिक पॉलिसीत स्थलांतर करण्याचा लेखी अर्ज द्यावा. स्थलांतर झाले तर गटविम्यात काढलेल्या काळाचे श्रेय प्रतीक्षा काळात धरले जाते. मात्र हप्ता किती आकारायचा हे कंपनी प्रकृती पाहून ठरवते, त्यामुळे यावर पूर्ण भिस्त नको. दुसरी वाट जास्त भरवशाची : पन्नाशीच्या सुमारास, नोकरीचा विमा चालू असतानाच, स्वतःची आणि पत्नीची किंवा पतीची छोटी का होईना पण वेगळी पॉलिसी सुरू करावी. २२ सप्टेंबर २०२५ पासून वैयक्तिक आरोग्यविम्याच्या हप्त्यावर जीएसटी लागत नाही, आधी १८ टक्के लागत होता. हप्ता चुकवू नये. वार्षिक हप्त्याला ३० दिवसांची सवलत मुदत असते, ती उलटली की प्रतीक्षा पुन्हा पहिल्या दिवसापासून मोजायची वेळ येते.

हिशेब कसा बसतो ते 'आरोग्य संजीवनी' या प्रमाणित पॉलिसीवरून पाहू. ती सगळ्या कंपन्यांत सारख्याच अटींवर मिळते, हप्ता तेवढा वेगळा. तिच्यात मोतीबिंदूला प्रति डोळा विमा रकमेच्या २५ टक्के किंवा ४०,००० रुपये, यांपैकी जे कमी ते मिळते. शिवाय मान्य रकमेतले ५ टक्के आपण सोसायचे. एक लाखाच्या पॉलिसीत २५,००० वरच मर्यादा येते. ४०,००० पर्यंत पोहोचायला किमान १,६०,००० ची विमा रक्कम हवी. समजा पॉलिसी तीन लाखांची आहे आणि एका डोळ्याचे बिल ६०,००० झाले. मान्य ४०,०००, त्यातून ५ टक्के गेले, हातात ३८,०००. उरलेले २२,००० आपले. मल्टिफोकल (दूरचे-जवळचे दोन्ही दाखवणारे) किंवा टोरिक (सिलिंडर नंबर घालवणारे) असे महागडे भिंग निवडले की हा फरक आणखी वाढतो. म्हणून भिंग ठरवण्याआधी रुग्णालयाच्या विमा खिडकीवर मर्यादा विचारून घ्यावी, शस्त्रक्रियेच्या दिवशी नव्हे. काही पॉलिसींत मर्यादा प्रति डोळा नसून पूर्ण वर्षाला एकच असते. तिथे डॉक्टरांची हरकत नसेल तर एक डोळा नूतनीकरणाच्या आधी आणि दुसरा नंतर केलेला बरा.

चष्म्याचा नंबर घालवण्याच्या लेझर शस्त्रक्रियेबद्दल थोडक्यात. नंबर ७.५ डायॉप्टरपेक्षा कमी असेल तर तिचा खर्च वगळण्याचे कलम प्रमाणित आहे, बहुतेक सगळीकडे तेच दिसेल. त्याहून जास्त नंबर असला तर दावा विचारात घेतला जातो. पण शस्त्रक्रियेपूर्वीच्या नंबराची नेत्रतज्ज्ञाने दिलेली, तारीख असलेली नोंद हवी. चष्म्याच्या दुकानातली चिठ्ठी पुरत नाही.

मधुमेह असणाऱ्यांनी मात्र एक गोष्ट नीट वाचावी. पडद्याला सूज आली की डोळ्यात इंजेक्शन देतात, ते एकदा देऊन भागत नाही, महिन्या-महिन्याने द्यावे लागते आणि खर्च मोतीबिंदूला मागे टाकतो. इंजेक्शनला रात्रभर दाखल व्हावे लागत नाही, त्यामुळे 'हे ओपीडीतले, विमा मिळणार नाही' असे समजून लोक खिशातून भरत राहतात. हे उपचार विमा नियामकाच्या आधुनिक उपचारांच्या यादीत आहेत. आरोग्य संजीवनीत त्यांना विमा रकमेच्या निम्म्यापर्यंत मर्यादा आहे. अट एकच, मधुमेह प्रस्तावात लिहिलेला हवा. आधीपासूनच्या आजाराचा प्रतीक्षा काळ एप्रिल २०२४ पासून जास्तीत जास्त तीन वर्षे आहे, पूर्वी चार होता. हप्ता वाढेल म्हणून साखर लपवली की ती दावा करताना नेमकी वर येते.

दावे फेटाळले जातात ते बहुतेक कागदावरच्या चार शब्दांमुळे. डिस्चार्ज कार्डवर कुणीतरी घाईत 'मधुमेह १५ वर्षांपासून' असे लिहितो, प्रत्यक्षात पाचच वर्षे झालेली असतात, आणि कंपनीला ते पुरते. सही करण्यापूर्वी तो कागद घरातल्या कुणीतरी वाचावा. उजवा डोळा की डावा, हे सर्व कागदांवर सारखे आहे का पाहावे. बसवलेल्या भिंगाचे स्टिकर फाइलला चिकटवलेले हवे. ते नसले की दावा अडकतो. शस्त्रक्रिया आधी ठरलेली असते, म्हणून दाखल होण्याच्या किमान ४८ तास आधी कंपनीला किंवा टीपीएला (कंपनीच्या वतीने दावे हाताळणाऱ्या संस्थेला) कळवावे. मोतीबिंदू डे-केअरमध्ये बसतो, २४ तास दाखल राहण्याची सक्ती नाही. केंद्र मात्र नोंदणीकृत असले पाहिजे. कॅशलेसच्या अर्जावर एका तासात निर्णय आणि घरी सोडताना तीन तासांत अंतिम मंजुरी, असा नियम २०२४ पासून आहे.

कॅशलेस झाले म्हणजे सगळे मिळाले असेही नाही. आरोग्य संजीवनीत शस्त्रक्रियेआधीच्या ३० दिवसांतली भिंगाचा नंबर काढण्याची ए-स्कॅन तपासणी, रक्ताच्या चाचण्या आणि नंतरच्या ६० दिवसांतले डोळ्यात घालायचे थेंब, फेरतपासणी यांचा दावा वेगळा करावा लागतो. उपमर्यादेत रक्कम शिल्लक असेल तर तो मिळतो. आधीच्या खर्चाची बिले डिस्चार्जनंतर ३० दिवसांत आणि नंतरच्या उपचारांची ते संपल्यावर १५ दिवसांत द्यायची असतात. मेडिकलच्या दुकानातून पक्के बिल घेण्याचा कंटाळा इथे नडतो.

आता ज्यांच्याकडे खासगी विमाच नाही, त्यांचे. दहा किंवा जास्त माणसे असलेल्या आस्थापनात महिना २१,००० रुपयांपर्यंत वेतन असेल तर ईएसआय लागू होते. कामगाराकडून ०.७५ टक्के, मालकाकडून ३.२५ टक्के. यात उपमर्यादा नाही आणि कुटुंबही येते. पण वाट ठरलेली आहे : आधी दवाखाना, तिथून चिठ्ठी, मग ईएसआयचे किंवा त्यांनी जोडलेले रुग्णालय. परस्पर खासगीत शस्त्रक्रिया केली तर, तातडीचा प्रसंग वगळता, पैसे परत मिळत नाहीत. उद्यमनगर, शिरोली, कागलच्या फाउंड्रीत अनेकदा घडणारी अडचण अशी की पगारवाढ होऊन वेतन २१,००० च्या वर गेले की चालू सहामाही संपताच (सप्टेंबर किंवा मार्चअखेर) ईएसआय सुटते आणि गटविमा तर नसतोच. वाढ मागतानाच त्या बदल्यात विमा मागायला हवा. दुसरी, जवळजवळ कुणाला न सांगितली जाणारी सोय : ईएसआयमध्ये किमान पाच वर्षे काढून वयोमर्यादेने निवृत्त झालेला कामगार वर्षाला १२० रुपये भरून स्वतःसाठी आणि जोडीदारासाठी वैद्यकीय सेवा चालू ठेवू शकतो. वर्षाचे १२० रुपये!

कामावर डोळ्याला इजा झाली तर गणित आणखी बदलते. ईएसआयत कामावर जाता येत नाही तोवर वेतनाच्या ९० टक्के भत्ता मिळतो. कायमचे नुकसान झाले तर कमाईची क्षमता किती गेली याची टक्केवारी कायद्याच्या परिशिष्टात ठरलेली आहे : दुसरा डोळा चांगला असताना एक डोळा गेला तर ४० टक्के, डोळा शाबूत पण दृष्टी गेली तर ३०. पण अपघाताची नोंद त्याच दिवशी कारखान्याच्या वहीत झाली नाही तर हे सिद्ध करणे कठीण. थेंब घालून पुन्हा मशीनवर उभे राहायचे आणि आठवड्याने डॉक्टरांकडे जायचे, ही सवय डोळ्यालाही वाईट आणि दाव्यालाही.

इचलकरंजीच्या छोट्या यंत्रमाग शेडमध्ये किंवा हुपरीच्या चांदीकामात, जिथे ईएसआय पोहोचत नाही, तिथे निदान प्रधानमंत्री सुरक्षा विमा तरी असावा. वय १८ ते ७०, बँक खात्यातून वर्षाला २० रुपये. अपघाताने एका डोळ्याची दृष्टी कायमची गेली तर एक लाख, दोन्ही डोळ्यांची गेली तर दोन लाख. १ जूनच्या आधी खात्यात २० रुपये शिल्लक नसल्याने तो बंद पडतो, यापेक्षा हळहळ वाटावी असे दुसरे कारण नाही. हा अपघातविमा आहे, मोतीबिंदू यात येत नाही.

घरात सत्तरी ओलांडलेले कुणी असेल तर ऑक्टोबर २०२४ पासून उत्पन्नाची अट न लावता वर्षाला पाच लाखांचे आयुष्मान वय वंदना कार्ड निघते, त्याला आधार लागते. कोणत्या रुग्णालयात डोळ्यांचे कोणते पॅकेज चालते हे जाण्यापूर्वी तिथल्या आरोग्यमित्राला (योजनेच्या मदतनीसाला) विचारावे. राष्ट्रीय अंधत्व नियंत्रण कार्यक्रमाखाली सरकारी रुग्णालयांत मोतीबिंदूची शस्त्रक्रिया भिंगासह मोफत होते. खासगीची ऐपत नसताना मोतीबिंदू पिकत ठेवण्याचे कारण नाही.

राहिला चष्मा. काही कंपन्या जादा हप्ता घेऊन ओपीडीचे संरक्षण देतात, त्यात तपासणी आणि कधी चष्माही असतो. घेण्याआधी साधी वजाबाकी करावी. समजा जादा हप्ता ४,००० आणि वर्षाची मर्यादा ५,००० असेल, तर चष्मा दोन-तीन वर्षांतून एकदाच लागत असल्याने एकट्यासाठी तो बहुधा तोट्याचाच. घरात चौघांना चष्मा असेल आणि मर्यादा सगळ्यांत मिळून वापरता येत असेल तरच विचार करावा. नंबराच्या चष्म्यावरचा जीएसटी आता ५ टक्के आहे, बिलात तेवढाच लावला आहे का ते पाहावे.

दावा नाकारला गेला तर आधी कंपनीच्या तक्रार विभागाला लेखी कळवावे. ३० दिवसांत उत्तर आले नाही किंवा पटले नाही तर वर्षाच्या आत विमा लोकपालाकडे जाता येते. कोल्हापूर जिल्ह्यासाठी ते कार्यालय पुण्यात आहे. शुल्क नाही, वकील लागत नाही, ५० लाखांपर्यंतचे दावे चालतात. नियामकाचा दूरध्वनी १५५२५५. तक्रारीसोबत नकाराचे पत्र जोडावे लागते, त्यामुळे 'तोंडी नाही म्हणाले' यावर थांबू नये, कलम नमूद केलेला लेखी नकार मागून घ्यावा.

आपला,
आरोग्यविम्याच्या दाव्यांचे काम पाहणारा एक वाचक,
राजारामपुरी, कोल्हापूर