कृतीत केळ्याची जातही छापा

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतल्या परदेशी पदार्थांच्या कृती मी कापून ठेवते आणि करतेही. अलीकडच्या एका कृतीत 'कच्ची केळी, नसल्यास बटाटा' एवढंच छापलं होतं. कृपया केळ्याची जात द्या, आणि बटाटा तर सुचवूच नका.

माझा मुलगा मालवाहू जहाजावर असतो. सांतो दोमिंगोत खाल्लेला मांगू त्याने सुट्टीत मला करायला लावला. डॉमिनिकन रिपब्लिकमधली ही घरोघरची न्याहारी. उकडून कुस्करलेली हिरवी केळी, वर व्हिनेगर घालून परतलेला कांदा, सोबत तळलेलं चीज, सलामी आणि अंडं. त्याला लागणारं पिठूळ, घट्ट केळं आपल्याकडे आहे. नेरुळ-वाशीच्या केरळी दुकानांत नेंद्रनचे घड टांगलेले असतात. वसईची राजेळी, जिची सुकेळी करतात, तीही त्याच कुळातली.

केळी हिरवीगार, टणक बघून घ्यावीत. चीक काळा डाग पाडतो, म्हणून हाताला आणि सुरीला तेल लावावं. टोकं उडवून सालीला उभी चीर द्यायची आणि अंगठ्याने साल उचकटायची. मिठाच्या पाण्यात सुरी आरपार जाईपर्यंत उकडावीत. ते पाणी ओतून देऊ नये! केळी कढत असतानाच लोणी आणि तेच पाणी थोडंथोडं घालत रवीने किंवा वाटीच्या बुडाने घोटावीत. थांबलात तर गोळा आवळतो. मिक्सर नकोच, चिकट लगदा होतो.

पोर्तो रिकोत हीच केळी तळून, लाकडी खलात लसूण आणि डुकराच्या कुरकुरीत चामडीबरोबर कुटतात. तो मोफोंगो. गुलाम करून नेलेल्या आफ्रिकी माणसांच्या फुफूतून, म्हणजे उकडून कुटलेल्या कंदांच्या किंवा केळ्यांच्या गोळ्यातून, तो आला. आमच्या घरी डुकराचं चालत नाही. मी खलबत्त्यात लसणीबरोबर तव्यावर भाजलेले सोडे कुटते. मुलाला तर मांगूपेक्षा हाच जास्त आवडला.

वसईतल्या कितीतरी केळीच्या वाड्या इमारतींखाली गेल्या. जे बागायतदार अजून राजेळी लावतात, त्यांच्या कच्च्या घडालाही ठाणे-नवी मुंबईत गिऱ्हाईक मिळायला हवं. पुरवणीत जातीचं नाव आलं, तर लोक भाजीवाल्याकडे ती नाव घेऊन मागतील.

आपली,
एक वाचक, नेरुळ, नवी मुंबई