ताईच्या सहीबद्दल

चि. अमोल यास अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालास, तुझ्या वडिलांच्या मागच्या वारसनोंदीबरोबरच ताईचं हक्कसोडपत्र उरकून घेऊ, एकाच फेरीत काम होईल, ताई पण तयार आहे. तेव्हा घरात माणसं बसलेली होती, मला बोलता आलं नाही. म्हणून लिहिते. ताईची सही घ्यायची नाही. सातबाऱ्यावर तिघांची नावं लागतील, माझं, ताईचं आणि तुझं.

जमीन वडिलोपार्जित आहे, साडेचार एकर. कायद्यानं तिघांचा वाटा सारखा, म्हणजे दीड-दीड एकर. 1956 च्या कायद्यातही बापाच्या वाट्यात मुलीला हिस्सा होताच. आपल्या राज्यानं 1994 साली वडिलोपार्जित जमिनीत मुलीला मुलाच्या बरोबरीनं धरलं, पण आधी लग्न झालेल्यांना वगळलं. 2005 साली दिल्लीच्या कायद्यानं ती अट गेली. 2020 साली सुप्रीम कोर्टानं सांगितलं की मुलीचा हा हक्क जन्मापासूनचा आहे, 2005 साली बाप हयात होता की नव्हता याचा त्याच्याशी संबंध नाही. बचत गटाच्या शिबिरात वकीलबाई आल्या होत्या, तेव्हा हे सगळं मी वहीत उतरवून घेतलं होतं.

आता ताई तयार आहे म्हणतोस ते. ती तयार का आहे, याचा विचार केलास का? तिनं मला रात्री फोन केला होता. म्हणाली, "आई, मला जमीन नको, माझं माहेर तुटायला नको." अमोल, ज्या सहीच्या मागे एवढी भीती आहे, ती सही राजीखुशीची कशी म्हणायची? तुला कधी वाटलं का, की आपण वाटा घेतला तर दिवाळीला या घरात कोणी पाणीसुद्धा विचारणार नाही? आपल्याकडे वाटा मागणारी बहीण वाईट ठरते आणि सोडणारीला भाऊबीजेला साडी मिळते. माझीही सही अशीच झाली. माझे वडील आप्पा गेल्यावर पहिल्या आखाजीला माहेरी गेले होते. पुरणपोळीचं जेवण झालं आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं आम्हा तिघी बहिणींना तालुक्याला नेलं. कागदावर काय लिहिलंय ते कोणी वाचून दाखवलं नाही. धाकटी पुढे विधवा झाली, दोन पोरं घेऊन माहेरी आली, तेव्हा तिला मागच्या पडवीत जागा मिळाली आणि भावाच्याच कांद्यात रोजानं जावं लागलं. त्याच रानात बापाकडून आलेला तिचाही वाटा होता.

ताईच्या बाबतीत असं होणार नाही, तिचं घर चांगलं आहे, असं तू म्हणशील. धाकटीचंही चांगलंच होतं.

लग्नात खर्च झाला, हे दुसरं. झाला, मान्य. पण तो मांडव, ती वरात, मानपानाची भांडी तिनं मागितली नव्हती. तुझ्या इंजिनिअरिंगला दोन वर्षांचा कांदा गेला, तो तुझ्या वाट्यातून कापायचं कोणी बोललं नाही आणि कधी बोलणारही नाही. जावई जमीन विकून टाकतील ही शंका तुझ्या मामांनी काढली. उद्या तू फ्लॅटसाठी विकशील, अशी शंका कोणी काढली नाही, बघ.

जमिनीचे तुकडे पडतील हे मात्र खरंच विचार करण्यासारखं आहे, कारण साडेचार एकरात आधीच काय उरतं. पण नाव लागलं म्हणून लगेच बांध पडत नाही. खातं सामायिक राहू दे. कसायचं कोणी, पाणी कसं घ्यायचं, उत्पन्न कसं वाटायचं, ते तुम्ही भाऊबहीण बसून ठरवा. मी आहे तोवर मी कसतेच आहे.

नाव असल्यानं काय होतं, हे मी अनुभवलंय. 1986 च्या नोव्हेंबरात चांदवडला शेतकरी संघटनेचं महिला अधिवेशन झालं. लग्नाला वर्षही झालं नव्हतं माझ्या, तुझे वडीलच मला ट्रकमध्ये बसवून घेऊन गेले. लाखांनी बाया आल्या होत्या, भाकरी फडक्यात बांधून. पुढे शरद जोशींनी लक्ष्मीमुक्ती काढली. गावातल्या शंभर बायांच्या नावावर जमीन झाली की ते गाव लक्ष्मीमुक्तीचं. आपल्या गावात शंभर झाल्या नाहीत, पण तुझ्या वडिलांनी विहिरीजवळचे वीस गुंठे माझ्या नावावर करून दिले. भावकीत त्यांना बरंच ऐकावं लागलं, त्यांनी एका शब्दानं उत्तर दिलं नाही. त्या वीस गुंठ्यांमुळे मी सोसायटीची सभासद झाले, पीककर्जाला माझी स्वतःची सही चालली. 2014 च्या गारपिटीत पंचनाम्याला माझं नाव लागलं आणि त्या तुकड्याचं अनुदान माझ्या खात्यात आलं. दुकानदाराचं बियाण्याचं देणं त्यातून फेडायचं, हे मी कोणाला न विचारता ठरवलं. रक्कम फार नव्हती. पण त्या वर्षी गावातल्या कितीतरी बाया तेवढंच राबून, गारांनी झोडपलेला कांदा वेचून, पंचनाम्यात कुठेच नव्हत्या.

कांद्याचं रोप उपटायला, लावायला, खुरपायला, काढायला, पात कापायला बायाच असतात, तू लहानपणापासून बघतोस. ताई आठवीपासून शाळेच्या आधी वाफ्यात बसायची. तरी 2015-16 च्या कृषी गणनेत देशातल्या शंभर खातेदारांत बाया चौदाच्या आसपास निघाल्या. ग्रामपंचायतीत 1993 नंतर तिसरा हिस्सा आला, 2011 पासून निम्म्या जागा आल्या. मी स्वतः पाच वर्षं सदस्य होते, त्याचा मला अभिमान आहे. पहिल्या वर्षी नवऱ्यांना विचारून हात वर करणाऱ्या आम्ही, शेवटी पाण्याच्या टाकीसाठी ग्रामसेवकाशी भांडलो. मुली सायकलीवर कॉलेजात जातात, गटाचं कर्ज बायाच फेडतात. एवढं सगळं बदललं, पण जमिनीच्या कागदापाशी येऊन थांबलं. तिथे अजून भाऊच वाटेत उभा आहे. आपल्या घरी तो तू आहेस, म्हणून तुला सांगते. बाहेरच्याला मी काय सांगणार?

गावात बोलतील. तुझ्या वडिलांना बोलले तसे बोलतील, आणि पुढच्या हंगामापर्यंत विसरतील. सुनबाईलाही हे पत्र वाचायला दे. तिच्या माहेरीही हीच वेळ येणार आहे, तेव्हा तिच्यावर सहीची पाळी येऊ देऊ नकोस.

आणि ताईला फोन आधी तू कर. मी सांगितलं म्हणून नको, तुझ्या तोंडून तिला कळू दे की तिचं माहेर सहीवर अवलंबून नाही.

येताना मृत्यूच्या दाखल्याच्या तीन प्रती आण, इथे झेरॉक्सचं मशीन बंद आहे. आठ-अ आणि जुना फेरफार माझ्याकडे आहे. तलाठी भाऊसाहेब गुरुवारी बसतात. अर्ज ऑनलाइन करता येतो म्हणाले, पण नावं नीट लागली की नाही ते मला समोर बसून बघायचंय. ताईचं आधारवरचं नाव सासरचं आहे, तर अर्जात दोन्ही नावं लिहायची का, तेवढं विचारून ये.

तुझी,
आई