मांकेलचं आजारपणाचं पुस्तक वेगळं काढू नका

मा. संपादक,
स.न.वि.वि.

हेनिंग मांकेल म्हटलं की लोक लगेच 'तो स्वीडनचा डिटेक्टिव्हवाला ना' म्हणतात आणि विषय संपतो. त्याचं कॅन्सरवरचं 'क्विकसँड' कोणी वाचलंच तर ते जणू दुसऱ्याच कुणीतरी लिहिलंय असं समजून वाचतात, मला हे अजिबात पटत नाही.

वॉलंडर या त्याच्या पोलीस डिटेक्टिव्हची १९९१ ची पहिली कादंबरीच घ्या. खेड्यातलं म्हातारं शेतकरी जोडपं, दोघांवर भयंकर हल्ला, आणि बाई मरता मरता 'परदेशी' एवढंच पुटपुटते. ते बाहेर फुटतं आणि तिकडे निर्वासितांच्या छावणीला आग लागते. मांकेल तेव्हा आफ्रिकेत राहून परत आलेला, मायदेशात वाढलेला द्वेष त्याला दिसला आणि त्यातून वॉलंडर जन्मला. खुनी कोण हे कळतंच हो, पण आपली माणसं अशी का वागायला लागली हा त्याचा खरा तपास. वॉलंडर पण कोणी हिरो नाही, डायबेटिस, मोडलेलं लग्न, बापाशी न पटणं, आणि २००९ च्या पुस्तकात (न वाचलेल्यांनी माफ करा) अल्झायमर.

मग जानेवारी २०१४ मध्ये वेळ त्याच्या स्वतःवर आली. मान आखडली, स्लिप डिस्क असेल असं वाटत होतं आणि निघाला कॅन्सर, मानेत आणि फुफ्फुसात. वाळूत रुतून गिळले जाऊ ही लहानपणची भीती परत उसळते, ती तो लपवत नाही, पण तिथेच अडकूनही बसत नाही, फिनलंडमध्ये जमिनीखाली अणुकचरा एक लाख वर्षं ठेवायचाय त्यावर लिहितो, की तेव्हाच्या माणसाला इथे धोका आहे हे सांगणार कसं? स्वतःचे दिवस मोजके असताना हा माणूस लाख वर्षांनंतरच्या अनोळखी लोकांची काळजी करतोय!! हे वाचताना मला तर सारखा वॉलंडरच आठवला, तोच अस्वस्थपणा, मागे आपण काय ठेवून जातोय हाच प्रश्न.

युगांडातले एड्सचे पेशंट आईबाप आपल्या मुलांसाठी आठवणींच्या वह्या लिहायचे, त्यावरही त्याचं छोटं पुस्तक आहे, म्हणजे आजारावर तो स्वतः आजारी पडायच्या आधीच लिहीत होता.

५ ऑक्टोबर २०१५ ला तो गेला, ६७ वर्षांचा होता. तुमच्या पुरवणीत त्याच्यावर लिहाल तेव्हा दोन्ही पुस्तकं एकाच लेखात घ्या ही विनंती, आणि नव्या वाचकाला आधी पहिली वॉलंडर आणि त्याच्यानंतर लगेच 'क्विकसँड' वाचायला सांगा.

आपला,
एक नियमित वाचक