गृहकर्जाचा हप्ता आणि घराची खरी किंमत

महोदय,

५० लाखांचे गृहकर्ज साडेआठ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतल्यास मासिक हप्ता सुमारे ४३,४०० रुपये पडतो. पण पहिल्या हप्त्यातील ३५,४०० रुपये निव्वळ व्याजापोटी जातात आणि अखेरीस केवळ व्याजच ५४ लाखांवर पोहोचते, हे सही करताना किती जण पाहतात? मुदत ३० वर्षे केली, तर हप्ता सुमारे पाच हजारांनी उतरतो, व्याज मात्र ८८ लाखांवर जाते. दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडण्याची मुभा कर्जदाराला द्यावी, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्येच बजावले आहे. तरीही अनेकजण केवळ हप्ताच पाहतात, याचे मला मनापासून वाईट वाटते. एकूण परतफेडीचा आकडा मंजुरीपत्राच्या पहिल्याच पानावर ठळक छापला जावा.

– एक कर्जदार, ठाणे