पाहिलेले आणि वाटलेले

महोदय,

गेल्या महिन्यात कर्वे रस्त्यावर नळ स्टॉपजवळ रिक्षा आणि स्कूटर यांची धडक झाली. आवाज ऐकून मी वळलो तेव्हा स्कूटर आडवी पडली होती आणि पिशवीतली मेथी रस्त्यावर विखुरली होती. तरीही रिक्षावाल्यानेच सिग्नल तोडल्याचे मी जमलेल्यांना ठामपणे सांगितले. शेजारच्या दुकानातील सीसीटीव्हीत मात्र लाल दिवा असताना घुसलेली स्कूटर स्वच्छ दिसली. मी जाणूनबुजून खोटे बोललो नव्हतो; रिक्षावाल्यांविषयीचा जुना राग, जे दिसलेच नाही ते मला दाखवून गेला. तो रिक्षाचालक हँडल धरून गप्प उभा होता, हे विसरता येत नाही.

१९६० साली मानसशास्त्रज्ञ पीटर वेसन यांनी २, ४, ६ या आकड्यांमागचा नियम शोधायला सांगितला, तेव्हा अनेकजण आपल्या तर्काला दुजोरा देणारेच आकडे सुचवत राहिले. कोणतेही चढते आकडे चालतात, हा साधा नियम पहिल्या प्रयत्नात त्यांच्या हाती लागला नाही. सोसायटीत एखाद्या भाडेकरूवर आळ घेताना आपलेही हेच होते.

अपघाताचे जबाब नोंदवताना पोलिसांनी ‘काय पाहिले’ आणि ‘काय वाटले’ हे वेगवेगळे लिहून घ्यावे, ही विनंती.

– एक वाचक, कोथरूड, पुणे