पेर्पेतुआ

विलेपार्ले,
मंगळवार, रात्र

प्रिय वसू,

दिवाळीपासून तुला एक ओळ नाही. तुझे दोन फोन राहून गेले, संक्रांतीच्या तिळगुळाची पोचही दिली नाही. राग धर हवा तर, पण आधी हे वाच. दुसऱ्या कोणाला सांगून उपयोग नाही.

मिनूला मुलगी झाली, आज नऊ दिवस. दोघी छान आहेत. माझा गुडघा आहे तसाच. आता मुद्दा. वसईच्या घरी बाळाला पणजीचं नाव द्यायचं म्हणतायत, पेर्पेतुआ. आणि माईने पाय आपटलेत. आधी म्हणाली, तोंडात बसत नाही. मग खरं कारण निघालं: कोणीतरी तिच्या कानावर घातलंय की या नावाची संत बाविसाव्या वर्षी मारली गेली. ‘असलं नाव पाळण्यातल्या पोरीला?’ मिनूने मला विचारलंय, आणि तीन दिवस माझ्या डोक्यात दुसरं काही नाही.

अर्थापासून सुरू करते. वसईत सगळे ‘अमर’ म्हणतात, ते बरोबर नाही. लॅटिनमध्ये पेर्पेतुउस म्हणजे मध्ये न तुटणारं, सलग. पेर म्हणजे ‘आरपार, शेवटपर्यंत’ आणि पेतेरे म्हणजे ‘एखाद्या दिशेने झेपावणं, मागणं’. म्हणजे एका दमात थेट शेवटापर्यंत गेलेलं. ‘कायमचं’ हा अर्थ त्यातूनच आला: इ. स. पूर्व 44 च्या नाण्यांवर सीझर ‘दिक्तातोर पेर्पेतुओ’ आहे, तहहयात हुकूमशहा. पण रोमन कवी ओव्हिड आपल्या दीर्घकाव्याच्या आरंभीच ‘पेर्पेतुउम कार्मेन’ म्हणतो, तेव्हा त्याला अमर काव्य म्हणायचं नसतं. एकातून एक निघत जाणारं, खंड न पडणारं काव्य म्हणायचं असतं. वसू, याला आपल्याकडे काय शब्द आहे? अभंग! अखंड दिव्यातला ‘अखंड’ही तोच. माईला हे एवढंच सांगितलं तरी निम्मं काम होईल असं वाटतं.

आणि आता तुझं-माझं भांडण. एम.ए.च्या दुसऱ्या वर्षी कँटीनमध्ये तू ओरडली होतीस की पत्र म्हणजे आधी पान, आणि मी म्हणत होते आधी पंख. त्यावरून आपण चार दिवस बोललो नव्हतो आणि बिचारी कुंदा दोघींचे निरोप पोचवत होती. पेतेरे आणि आपला पत् धातू एकाच मूळ धातूचे. वेदात पत् म्हणजे आधी उडणं, पडणं मागाहून. पतंग त्यातला, पतन त्यातलं, पत्रही त्यातलं. कोर्टातलं पिटिशन आणि परीक्षेतलं रिपीटसुद्धा पेतेरेचीच नातवंडं. तो पेरही आपल्या ‘परि’चा भाऊ. तेव्हा मिनूच्या लेकीच्या नावात आणि या पत्रात एकच धातू आहे, आणि तो उडतो. पंख! आता तरी कबूल कर.

आता संत. विबिया पेर्पेतुआ, गाव कार्थेज, म्हणजे आजचं ट्युनिशिया. विबिया हे घराण्याचं नाव. रोमन मुलींना ते बापाच्या कुळाकडून मिळायचं. पेर्पेतुआ हे तिचं स्वतःचं. 7 मार्च 203 ला, राजपुत्र गेताच्या वाढदिवसाच्या खेळांत, तिला रिंगणात मारलं. माईच्या कानावर आलं ते खोटं नाही, आणि ते तिच्यापासून लपवू नये असं माझं ठाम मत आहे. पण अर्धंच आलंय. या पोरीने तुरुंगात रोजनिशी लिहिली. ख्रिस्ती बाईच्या हातचं इतकं जुनं लिखाण फारच थोडं उरलंय. तिच्या अंगावर तान्हं मूल होतं. त्याला तुरुंगात जवळ ठेवायची परवानगी मिळाली, त्या दिवशी ती लिहिते की तुरुंग मला एकाएकी राजवाडा झाला. बाप धर्म सोड म्हणून विनवायला येतो, तेव्हा ती शेजारी पडलेला तांब्या दाखवते आणि विचारते, याला आहे त्याहून दुसरं नाव देता येईल का? तो म्हणतो, नाही. मग मीही जी आहे त्याहून दुसरं काही म्हणवून घेणार नाही, म्हणते. नाव ठेवण्याबद्दल मी याहून मोठं काही वाचलेलं नाही. तिच्याबरोबर कैदेत असलेल्या फेलिसितासने तुरुंगातच आठव्या महिन्यात मुलीला जन्म दिला, आणि ती मुलगी एका बहिणीने स्वतःची म्हणून वाढवली. म्हणजे वंश तुटला नाही, हे माईला सांगच म्हणते मिनूला. दोघींची नावं जोडली की ‘अखंड सुख’ होतं. संत ऑगस्टीनने त्यांच्या सणाच्या प्रवचनांत या श्लेषाचा मनसोक्त फायदा घेतलाय.

तुझं नागपूरचं घर लागलं का? पाणी तापवायचा बंब नेलास की दिलास कोणाला? आणि अभयचा निकाल काय?

पुन्हा माझंच. उच्चार. वसईत ‘पेर्पेतू’ असं शेवटी ओढतात. इंग्रजी शाळेत गेली की ‘पर्पेच्युआ’ होणार. लॅटिनचा नियम सोपा आहे: शेवटून दुसरं अक्षर ऱ्हस्व असेल तर आघात तिसऱ्यावर. ‘तु’नंतर लगेच स्वर येतो, म्हणून तो ऱ्हस्व, म्हणून पेर्-पे-तु-आ, जोर ‘पे’वर. पोर्तुगीजही ‘पे’वरच जोर देतात आणि त्या स्वरावर तिरपी रेघ काढतात. गोव्यात, वसईत हे नाव त्यांच्याच वाटेने आलं. ती रेघ मात्र कागदावर घालू नका म्हणून सांगितलंय, कारण एका दाखल्यावर असेल, दुसऱ्यावर नसेल, आणि पोरगी आयुष्यभर प्रतिज्ञापत्रं करत बसेल. पणजीचंच बघ ना: बाप्तिस्म्याच्या दाखल्यात एक, रेशनकार्डावर ‘परपेटवा’.

घाई करू नका, हेही सांगितलंय. जन्माची नोंद 21 दिवसांत व्हावी लागते, ती रुग्णालय करतं. पण नावाचा रकाना रिकामा ठेवता येतो. नाव बारा महिन्यांत दिलं तर शुल्क नाही, त्यानंतर विलंबशुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. एकदा चढलेलं नाव मात्र बदलणं जड जातं. कायद्यातली दुरुस्ती चुकीसाठी आहे, मन बदललं म्हणून नाही. महाराष्ट्रातल्या दाखल्यावर मराठी आणि इंग्रजी दोन्ही येतं, तेव्हा दोन्ही आधी कागदावर लिहून न्यायचं: पेर्पेतुआ, रफार पहिल्या ‘पे’वर नाही, दुसऱ्यावर, आणि पी-ई-आर-पी-ई-टी-यू-ए. मसुदा हातात आला की अक्षर अक्षर वाचायचं.

सणाच्या तारखेवरून घरात आणखी एक वाद निघणार. जुन्या दिनदर्शिकांत 6 मार्च सापडेल, कारण 7 तारखेला संत थॉमस अक्वायनसचा सण होता म्हणून 1908 मध्ये या दोघींना एक दिवस मागे सरकवलं. 1969 पासून पुन्हा 7. सातच धरायची.

एक गोष्ट मी मिनूला सांगितलेली नाही. इटलीत ‘पेर्पेतुआ’ म्हणजे पाद्रीबाबांची मोलकरीण. इटालियन लेखक मान्झोनीच्या कादंबरीतल्या एका पात्रावरून ते सामान्यनामच झालं. पोर्तुगीजांत उलट, ते फूल आहे: गोम्फ्रीना, ते जांभळं गोल, वाळलं तरी रंग न सोडणारं. माईला फूल सांगू, मोलकरीण राहू दे. की तेही सांगावं? तुझं मत हवंय, कारण माई तुझं ऐकते, माझं कधीच ऐकलेलं नाही. रविवारी सकाळी तिला फोन कर, दहाच्या आत, नंतर ती देवळात जाते. तांब्याची गोष्ट तूच सांग; तुझ्या तोंडून ती रडेल, आणि मग ऐकेल.

तुझी,
शमा