श्रेयनामावलीतल्या पाच जागा

सोलापूर,
१८ जानेवारी

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

चादर विणणाऱ्यांवरच्या माझ्या माहितीपटाच्या श्रेयनामावलीत माझे नाव पाच ठिकाणी पाहून तू मनापासून कौतुक केलेस. परंतु लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, ध्वनिमुद्रण आणि संकलन मी एकट्याने केले, ते पदरी माणसे ठेवण्याइतके पैसे नव्हते म्हणून. हे तुझ्यापासून लपवावेसे वाटत नाही.

संकलन मात्र मी यापुढेही कोणाला देणार नाही. पूर्व भागातील एका कारखान्यात आठ दिवस चित्रीकरण करून घरी दृश्ये जुळवू लागलो, तेव्हा लक्षात आले की धावते माग तासन्‌तास टिपले आहेत आणि मागासाठी सुताच्या कांड्या भरणाऱ्या आजींचे हात एकदाही जवळून घेतलेले नाहीत. दुसऱ्याच दिवशी पुन्हा गेलो. आज माहितीपटाचा प्राण आहेत ते हेच हात.

ध्वनीत मी हरलो. यंत्रमागांच्या खडखडाटात आजी तेलुगू वळणाच्या मराठीत आपल्या पहिल्या मजुरीविषयी सांगत होत्या. माझे सारे लक्ष चौकटीकडे, कानाला हेडफोन नाही, आणि पदर मायक्रोफोनवर घासत राहिल्याने निम्मी वाक्ये गेली. त्यांनी पुन्हा सांगितले खरे, पण पहिल्या वेळी मध्येच थांबून त्या जशा गप्प झाल्या होत्या, तशा पुन्हा झाल्या नाहीत.

तेव्हापासून दादासाहेब फाळके सारखे आठवतात. १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ एकट्या त्यांचा, असे आपण सहज म्हणतो. पण कॅमेरा त्र्यंबक तेलंगांच्या हाती होता, आणि कोऱ्या फिल्मला छिद्रे पाडण्यापासून सगळ्या मंडळींच्या स्वयंपाकापर्यंतचा भार फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी वाहिला. आपल्या सोलापूरच्या डॉ. कोटणीसांवरील १९४६ च्या चित्रपटात व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शनही केले आणि कोटणीसांची भूमिकाही. पण त्यांच्यामागे राजकमल ही त्यांची स्वतःची संस्था उभी होती. स्वतः चौकटीत शिरणाऱ्याला चौकटीबाहेर विश्वासाचे डोळे लागतात, तसे मला कान हवे आहेत.

पुढचा माहितीपट विडी वळणाऱ्या बायकांवर आहे. तिथे खडखडाट नाही. पान कापणाऱ्या कात्रीचा आणि सुपातल्या तंबाखूचा आवाज इतका बारीक असतो, की दुसरे काम करता करता तो ऐकूच येणार नाही. कॉलेजच्या नाटकांत ध्वनीची बाजू तूच सांभाळायचास. मार्चमध्ये दहा दिवस येशील का? प्रवासखर्च माझा, मानधन थोडे असेल, पण ते आधी कागदावर लिहून देईन, आणि ध्वनिमुद्रणाच्या जागी नाव तुझे असेल.

वहिनींना नमस्कार सांग.

तुझाच,
बालमित्र